कृपाचं वय काढताना

सोनई,
रविवार, ५ ऑक्टोबर २०२५

श्रीमती रंगुबाई यांना यशयाचा सलाम.

वर नुसतं ‘रंगुबाई’ लिहिलं याचा राग मानू नये. तुम्ही दोघी बहिणींत कृपापेक्षा मोठ्या असाल तर मी तुम्हाला आक्का म्हणायला हवं, आणि लहान असाल तर नावाने हाक मारली तरी चालतं. त्रेचाळीस वर्षं झाली, पण यातलं कोणतं खरं ते मला नक्की कळलं नाही, म्हणून मी तुम्हाला कधी काहीच म्हटलं नाही. (हाक मारायची वेळ आली की मी खोकतो. मला जुना खोकला आहे असं समजून तुम्ही एकदा अडुळशाचा काढा पाठवला होता. मी तो प्यायलो.) तर आज पत्रातही अडलो, कारण पत्रात खोकता येत नाही. फोन का केला नाही असं विचाराल. माझे फोन तुम्हाला माहीत आहेत. बरं आहे ना, बरं आहे, ठेवतो. सायमन म्हणतो, बाबांचा सगळ्यात मोठा फोन अकरा सेकंदांचा आहे, आणि त्यातही समोरच्याने उचलायला वेळ लावला होता.

तुमचा डावा गुडघा कसा आहे? तुमच्या हर्षलने चाकणहून पाठवलेला पट्टा बांधता की पेटीतच ठेवला आहे? दारातली पपई यंदा धरली का? बेलापूरच्या चर्चच्या मंडळीतली सगळी माणसं बरी असतील अशी आशा करतो. इथे आम्ही चौघे ठीक आहोत. चौघे असं लिहायची सवय अजून झालेली नाही. आधी हात आपोआप ‘पाचही जण’ असं लिहून गेला, तो कागद बाजूला ठेवून हा दुसरा घेतला. सायमनचं दुकान नीट चाललं आहे. स्नेहलला उपकेंद्रात लसीकरणाचं काम फार आहे. एंजल आठवीत गेली आणि तिची उंची आता माझ्या कानापर्यंत आली. मी सकाळी पाटापर्यंत चालून येतो. जेवण बरं जातं. तुमच्याकडून दोन ओळी आल्या तर बरं वाटेल, पण त्या कशाबद्दल हव्या आहेत ते सांगायला थोडं मागून सुरुवात करावी लागेल.

कृपाच्या कबरीवर दगड बसवायचा आहे. जानेवारीत माती झाली तेव्हा वर लाकडी क्रूस लावला होता, तो उन्हाने वाकडा झाला. दगड घडवणारा ज्ञानेश्वर मिस्त्री घोडेगावकडचा. आपल्या दफनभूमीतले बहुतेक दगड त्याच्याच हातचे आहेत, त्यामुळे त्याला शास्त्रवचनं आपल्यापेक्षा जास्त पाठ आहेत. त्याने काळा दगड काढून ठेवला, नाव घेतलं, वचन घेतलं, मरणाची तारीख घेतली आणि विचारलं, ‘बाबा, जल्माचं साल?’ मी म्हटलं, सांगतो. आठ दिवसांनी त्याने परत विचारलं. मी म्हटलं, जागा मोकळी सोडली तर चालेल का. तो म्हणाला, ‘मोकळी जागा न्हाई चालत. पोरं खडूनं कायबी लिव्हत्यात.’ दगड सव्वीस तारखेच्या उपासनेनंतर बसवायचा ठरला आहे आणि आकडा त्याला पंधरा तारखेपर्यंत हवा आहे.

तुम्ही म्हणाल, बायकोचं जन्मसाल नवऱ्याला माहीत नाही? नाही. मी पाटबंधारे खात्यात चौतीस वर्षं मोजणीदार होतो. कोणाचं शेत पाटाच्या पाण्याने किती भिजलं ते गुंठ्यात सांगायचो, आणि माझ्या मोजणीवर कधी तक्रार आली नाही. पण घरात मोजायचं धाडस केलं नाही. एकदाच केलं होतं. मतदार यादीवाला दारात उभा होता आणि मी आत जाऊन विचारलं, तुझं वय काय सांगू? कृपा भाकरी थापत होती. ती म्हणाली, ‘तुम्हाला कशाला पाहिजे? शाळेत घालणार आहात का मला?’ मी बाहेर येऊन जो आकडा सुचला तो सांगितला. मतदार ओळखपत्रावर त्यामुळे १९६४ आहे. तो माझा दोष.

आधार कार्डावर १ जानेवारी १९५५ आहे. ते काढणाऱ्या मुलाने तिच्या केसांकडे बघून लिहिलं आणि त्यावर ती महिनाभर चिडलेली होती. शाळेच्या दाखल्यावर १ जून १९६० आहे. पण त्याच दाखल्याची गोष्ट तुम्हाला माझ्यापेक्षा चांगली माहीत आहे. तुमच्या वडिलांनी तुम्हा दोघींना एकाच दिवशी शाळेत घातलं आणि मास्तरांनी दोघींना एकच जन्मतारीख देऊन टाकली. कागदोपत्री तुम्ही जुळ्या आहात. बाप्तिस्म्याच्या नोंदवहीत तरी सापडेल म्हणून मी सायमनला घेऊन जुन्या चर्चमध्ये गेलो. तिथल्या भल्या माणसाने दोन तास शोधून पान काढून दिलं. त्यावर तुमच्या वडिलांचं नाव आहे, आणि पुढे ‘दोन कन्या’ एवढंच आहे. दोघींचं अंतर दोन वर्षांचं, यावर तुम्हा दोघींचं नेहमी एकमत होतं. ते दोन कोणाच्या बाजूने, एवढाच प्रश्न होता. थोरल्या बहिणीच्या नवऱ्याला दाजी म्हणायची आपल्याकडची रीत. तुम्ही मला पहिल्या दिवसापासून दाजी म्हणता, आणि कृपा तुमच्या मालकांना शेवटपर्यंत दाजी म्हणत होती. दोघी धाकट्या. तुमचे मालक होते तोवर सणाला एकत्र बसलो की ते आणि मी एकमेकांकडे बघायचो आणि पुन्हा ताटात बघायचो. त्यांच्याशी माझी मैत्री त्याच कारणाने झाली असावी.

सायमनने सुचवलं की तिन्ही कागदांची सरासरी काढावी. त्याने काढलीही. १९५९ आणि वर आठ महिने. मी म्हटलं, तीन चुकीच्या मोजण्यांची सरासरी काढून बरोबर मोजणी होत नाही, आमच्या खात्यात असं केलेल्या माणसाची बदली झाली होती. तो म्हणाला, मग तुम्हीच काढा. रंगुबाई, मला त्या दगडावर तिच्याबद्दल एक तरी गोष्ट खरी हवी होती. वचन खरं असतंच, पण ते सगळ्यांच्या दगडावर असतं.

आता एंजलचं गणित सांगतो. (इथे तुम्हाला कंटाळा येईल, पण सोडू नका, पुढे तुमचा संबंध आहे.) गेल्या वर्षी ऑगस्टमध्ये, ती सातवीत असताना, शाळेतून एक उपक्रम दिला होता. आपल्या घरातल्या माणसांच्या वयाची सरासरी काढा. पोरीने वहीत आमची नावं लिहिली. माझं सत्तर, सायमनचं एकेचाळीस, स्नेहलचं सदतीस, तिचं स्वतःचं बारा. मग ती स्वयंपाकघरात आजीकडे गेली. आजी म्हणाली, तुमच्या चौघांची बेरीज मला दे, माझं मी त्यात मिळवते, भागाकार पण मीच करते आणि तुला नुसतं उत्तर देते. कृपा रविवारच्या शाळेत पोरांना शिकवायची, तिचा भागाकार चांगला होता. तिने कॅलेंडरचं मागचं पान घेतलं, ओट्याकडे तोंड करून पाच मिनिटं लिहिलं आणि सांगितलं, अठ्ठेचाळीस. एंजलने वहीत अठ्ठेचाळीस लिहिलं. बाईंनी बरोबरची खूण करून ‘छान’ असा शेरा दिला. आजीच्या नावापुढची जागा कोरी होती, ती बाईंनाही दिसली नाही.

यंदा आठवीत त्याच धड्याची पुढची उदाहरणं आहेत. पाच संख्यांची सरासरी पन्नास आहे, त्यातल्या चार संख्यांची सरासरी शेहेचाळीस आहे, तर पाचवी संख्या कोणती? एंजल एका संध्याकाळी माझ्याजवळ बसून ते सोडवत होती. मला ते लगेच कळलं, कारण आम्ही आयुष्यभर तेच केलं. पूर्ण गटाचं क्षेत्र दप्तरात असतं, चार तुकडे मोजून झालेले असतात, पाचवा तुकडा विहिरीपलीकडे काट्यात असतो. तिकडे कोणी जात नाही. सगळ्याच्या मोजणीतून चौघांची वजा केली की पाचवा घरबसल्या मिळतो. मी तिला तसं सांगितलं. पाच गुणिले पन्नास म्हणजे अडीचशे, चार गुणिले शेहेचाळीस म्हणजे एकशे चौऱ्याऐंशी, वजा केले तर सहासष्ट. ती म्हणाली, ‘म्हणजे एक माणूस सांगत नसेल, तरी बाकीच्यांवरून त्याचं कळतं?’ मी म्हटलं, हो, सरासरी माहीत असेल तर. तिने उठून कपाटावरून सातवीची वही काढून आणली.

अठ्ठेचाळीस गुणिले पाच, दोनशे चाळीस. आम्हा चौघांची बेरीज एकशे साठ. उरले ऐंशी.

तिने परत केलं. मी केलं. सायमनने मोबाईलवर केलं, मोबाईलवरही ऐंशीच आले. मग तो माझ्याकडे अशा नजरेने बघू लागला की जणू मी त्याच्यापासून काही लपवलं आहे. मी हिशेब केला. आमच्या लग्नात मी अठ्ठावीसचा होतो, म्हणजे ती अडतीसची होती. दोन वर्षांपूर्वी ती कुरडया घालायला पत्र्यावर चढली ती अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी. मला खरं वाटायला नको होतं. पण वजाबाकी तीनदा बरोबर आली होती आणि मी आकड्यांचा माणूस आहे. त्या दिवशी मला एकच वाटत राहिलं. ऐंशी वर्षांच्या बाईने माझ्यासाठी रोज पहाटे अंघोळीचं पाणी तापवलं, आणि मी सत्तरचा धडधाकट माणूस टॉवेल घेऊन उभा राहायचो. एकदा तर पाणी कोमट आहे असंही म्हणालो होतो. (वजाबाकीत तुम्हीही आलात. तुमचं वय अठ्ठ्याहत्तर किंवा ब्याऐंशी निघालं. क्षमा असावी.)

सायमन उरकून टाकणारा. त्याने पाळकसाहेबांना फोन करून कळवलं आणि सप्टेंबरच्या पहिल्या रविवारी त्यांनी वेदीवरून जाहीर केलं की आपल्या प्रिय भगिनी ऐंशी वर्षांचं समृद्ध आयुष्य जगून गेल्या, त्यांच्या कबरीवर सव्वीस ऑक्टोबरला दगड बसेल. बायकांच्या बाजूला कुजबुज सुरू झाली. बाहेर आल्यावर भिमाजीने मला चपलांपाशी गाठलं. आम्ही दोघे एका वर्गात होतो. तो म्हणाला, ‘यशया, लई गुपित ठेवलंस की. धा वर्सांनी थोरली केलीस न् आमाला पत्त्या न्हाई.’ मी चप्पल शोधत राहिलो. पंकजाबाईंनी तर स्नेहलला बाजूला घेऊन विचारलं, ऐंशीच्या होत्या आणि गुडघे कसे दुखत नव्हते, काय खात होत्या? स्नेहल गोंधळली आणि तिने खरं ते सांगितलं, की आई सकाळी भिजवलेले मेथीदाणे खायच्या. तेव्हापासून आपल्या महिला मंडळात सगळ्याजणी भिजवलेली मेथी खातात. वाण्याकडची मेथी दोनदा संपली. आता खरा आकडा कळला तरी तो मंडळीत सांगायचा कसा, हा निराळाच पेच आहे, कारण दोघीतिघींना खरोखर गुण आला आहे.

हे सगळं उलगडलं ते फडताळ पुसताना. स्नेहल डब्यांखाली जुन्या कॅलेंडरची पानं घालते. गेल्या गुरुवारी डाळीचा डबा उचलला तर खाली गेल्या वर्षीचा ऑगस्ट निघाला, आणि त्याच्या मागे कृपाचं अक्षर. वर एकशे साठ लिहिले होते. त्याखाली जे होतं त्यावर तिने पेनने इतकं गिरवलं होतं की कागद फाटला होता. (ती काम पुरं करायची.) त्याच्या खाली बेरीज, दोनशे अठ्ठ्याऐंशी. आणि पुढे भागाकार, नीट ओळीत, शून्य बाकी दाखवून. एंजलने पान उजेडात धरलं आणि हळूच म्हणाली, ‘आजोबा, आजीने सहाने भागलंय.’

आम्ही चौघे स्वयंपाकघरात उभे होतो. घरात पाच माणसं होती. सहा कुठून आणले? सायमन म्हणाला, म्हैस धरली असेल. (म्हशीवर तिचा जीव होता, पण म्हैस ऑगस्टपर्यंत विकून झाली होती.) मग तो म्हणाला, पाळकसाहेब धरले असतील, ते दर गुरुवारी जेवायला असतात. स्नेहल गिरवलेल्या जागेकडे बघत होती.

मला एक माणूस सुचलं होतं, ते मी कोणाला सांगितलं नाही. तुम्हाला आठवत असेल, सायमनच्या पाठीवर आम्हाला मुलगी झाली होती. अकरा दिवस होती. तुम्ही तेव्हा बेलापूरहून येऊन दीड महिना राहिला होता. कृपा नंतर तिचं नाव घेत नसे, पण विसरली नव्हती. मी पाटाच्या कडेला जाऊन बसलो आणि मनात गणित मांडलं. ती असती तर चाळीस वर्षांची असती. दोनशे अठ्ठ्याऐंशीतून आमचे एकशे साठ आणि तिचे चाळीस गेले, तर कृपाला अठ्ठ्याऐंशी उरतात. जमत नाही. अकरा दिवस म्हणजे शून्य धरलं, तर एकशे अठ्ठावीस उरतात. तेही जमत नाही. मी बराच वेळ जमवून पाहिलं. मग उठून घरी आलो.

घरी आलो तर स्नेहल दारातच उभी होती. तिने विचारलं, ‘बाबा, आईंनी मधली खोली कशासाठी रिकामी केली असं तुम्हाला वाटलं?’ मला काय वाटलं होतं ते सांगतो. गेल्या वर्षी पोळ्याच्या आसपास कृपाने मधल्या खोलीतलं सामान हलवलं, खिडकीला जाळी बसवून घेतली आणि खाटेवर नवी गादी टाकली. मला वाटलं, गहू ठेवायला कोरडी जागा केली. मी खाटेवर गव्हाची दोन पोती आणून ठेवली. दुसऱ्या दिवशी ती खाली होती. मी परत वर ठेवली. परत खाली. असं तीन वेळा झालं आणि दोघांपैकी कोणी एक शब्द बोललं नाही. आमचा संसार असाच झाला, त्यात आम्हाला काही वावगं वाटायचं नाही. स्नेहल म्हणाली, ती खोली बेलापूरला एकट्या असणाऱ्या रंगूमावशींसाठी होती.

मग एंजलने सगळ्यांसमोर मांडून दाखवलं. दोनशे अठ्ठ्याऐंशी वजा एकशे साठ, एकशे अठ्ठावीस. हे दोन माणसांचं मिळून. दोघींमध्ये अंतर दोनचं. म्हणजे एक पासष्ट आणि एक त्रेसष्ट. इतकं नेटकं बसलं की सायमननेही मोबाईल खिशात ठेवला. (थोड्या वेळाने म्हणाला, आई थोरली असेल तर १९५९ येतं, माझी सरासरी तेच म्हणत होती. मी त्याला दुकानात पाठवलं.) रंगुबाई, तिने तुम्हाला आधीच घरात मोजलं होतं. तुम्ही बेलापुरात होता, पिशवीही भरली नव्हती, मला तर काहीच माहीत नव्हतं, आणि इकडे पोरीच्या वहीत तुमचं वय धरून भागाकार झाला, त्यावर शाळेची बरोबरची खूणही झाली.

तर विनंती अशी की तुमचं खरं वय कळवावं. तुमचं कळलं की तिचं आपोआप निघेल. सोबत पत्ता लिहून, तिकीट लावून पाकीट ठेवलं आहे, आत एक चिठ्ठीही आहे. त्यावर आकडा लिहिला की झालं. तो आकडा मी, मिस्त्री आणि दगड यांच्यापलीकडे जाणार नाही. दगड सगळेच वाचतात हे खरं, पण वाचणाऱ्याला ते कृपाचं वय दिसेल, तुमचं नव्हे. एंजल दोन मिळवून किंवा वजा करून बघेल, तिला मी सांगून ठेवतो. पाळकसाहेबांचं मी बघतो. तुम्हाला संकोच वाटेल हे जाणतो, पण पंधरा तारीख जवळ आली आहे, आणि आता हे सांगू शकेल असं तुमच्याशिवाय जगात कोणी नाही.

गुडघ्याची काळजी घ्यावी. पट्टा बांधावा. हर्षलला आशीर्वाद.

तुमचा,
यशया

ता. क. – आकडा लिहायला जड जात असेल तर लिहू नका. अंतर माहीत असल्यामुळे एक शब्दही पुरतो. ‘थोरली’ किंवा ‘धाकटी’. तोही नको असेल तर पाकिटात कोरी चिठ्ठी घाला. त्याचा अर्थ मी ‘थोरली’ असा घेईन, कारण उत्तर ‘धाकटी’ असतं तर तुम्ही लिहिलं असतंत.

ता. क. दुसरा – पाकीट चिकटवलं होतं, ते पुन्हा उघडलं. स्नेहल दारात आणखी एक बोलली होती, ते मी वर लिहिलं नाही. कृपाने गेल्या वर्षी ऑगस्टमध्येच तुम्हाला फोन करून इथे राहायला येतेस का असं विचारलं होतं आणि तुम्ही म्हणाला होता, दाजींना एकदा तोंडाने म्हणू दे, मग येते. कृपाने हे मला सांगितलं नाही. स्नेहलने तिला विचारलं, का सांगत नाही? तर ती म्हणाली, ‘मी सांगितल्यावर म्हणाले तर ते माझंच म्हणणं झालं. त्यांचं कुठं झालं?’ म्हणजे ऑगस्टपासून जानेवारीपर्यंत ती वाट बघत होती. मी त्या पाच महिन्यांत काय करत होतो ते वर आलंच आहे.

आणि माती झाल्यानंतर चौथ्या दिवशी तुम्ही पिशवी भरून बाहेर बसला होता. पिशवी पायाशी होती, पण चपला घातलेल्या नव्हत्या. मला ते दिसलं होतं. मी बाहेर आलो, तुमच्याशेजारी थोडा वेळ उभा राहिलो आणि म्हणालो, ‘चारची श्रीरामपूर गाडी मिळेल.’ तुम्ही उठलात. मला ते म्हणायचं नव्हतं. गाडीची वेळ तोंडात आली कारण ती मला नक्की माहीत होती.

रंगुबाई, इथे राहायला या. हे मी म्हणतो आहे. कृपाने सांगून ठेवलेलं नाही, स्नेहलने लिहून दिलेलं नाही, आणि दगडाशीही याचा संबंध नाही. ज्ञानेश्वर मिस्त्रीला मी आज दुपारीच जाऊन सांगून आलो की नाव आणि मरणाची तारीख कोर, आणि जन्माच्या जागी एक वेल काढ, म्हणजे पोरांना खडूने लिहायला जागा राहणार नाही. तो म्हणाला, वेलीला दोन दिवस जास्त लागतील. मी म्हटलं, लागू दे. तिने जे त्रेचाळीस वर्षं सांगितलं नाही ते मी तिच्या मागे शोधून दगडावर लावणं बरं दिसत नाही. वयाची चिठ्ठी फाडून टाका. पाकीट मात्र वापरा, कोणत्या दिवशी न्यायला येऊ ते कळवायला. मी स्वतः येईन. सायमनची गाडी आहे.

ता. क. तिसरा – एंजलने यंदाची सरासरी आधीच मांडून ठेवली आहे. आम्हा चौघांची बेरीज आता एकशे चौसष्ट. तुम्ही थोरल्या असाल तर तुमचं वय सहासष्ट, एकूण दोनशे तीस, आणि सरासरी बरोबर शेहेचाळीस. धाकट्या असाल तर चौसष्ट, आणि उत्तर पंचेचाळीस पूर्णांक सहा दशांश असं काहीतरी येतं. तिला पूर्णांक उत्तर हवं आहे म्हणून ती तुम्हाला थोरली धरून बसली आहे. मी तिला सांगितलं, उत्तर कसंही येऊ दे, पण भागायचं पाचनेच.